तिन्ही पंथ बरोबर

चन्नव्वाने तांब्यातले पाणी पायावर ओतले तसा शिवय्याने पाय मागे घेतला. तिने तो घोट्याला धरून पुन्हा परातीत ठेवला. म्हातारीच्या हाताला भलताच जोर होता. दुसरा पाय त्याने निमूटपणे स्वतःच पुढे केला.

निंबर्ग्याच्या जंगमाचा, म्हणजे वाडीच्या लिंगायत गुरूचा, हा मुलगा हैदराबादला वकिली शिकायला गेला आणि साम्यवाद शिकून आला. आज तो या वाडीत तेच समजावून सांगायला आला होता. पण वाडीला निरोप पोचला तो एवढाच, की गुरुघरचा अय्या येणार आणि काहीतरी सांगणार. मग काय, बसवण्णाच्या देवळाच्या कट्ट्यावर घोंगडी पडली, तिच्यावर लोड आला, आणि सत्तरीची माणसे त्या बावीस वर्षांच्या पोराच्या पायांवर डोके ठेवून खाली मातीत बसली. माणसामाणसांत उच्चनीच नसते, हे आता त्याला त्या उंचावरून सांगायचे होते.

वेळही थोडा होता. ज्वारीच्या पेरणीला वाफसा आला होता आणि नेमके उद्या सकाळी जहागीरदाराचा शिपाई सगळ्यांचे गाडी-बैल वेठीला न्यायला येणार होता. नव्या हवेलीचे दगड वाहायचे होते. बैल चार दिवस तिकडे गेले की वाफसा उडालाच, आणि त्याबरोबर वर्षाची भाकरीही. एकाने नकार दिला तर त्याच्या पाठीवर चाबूक. सगळ्यांनी दिला तर शिपाई एकटा. शिवय्याला सगळ्यांचा नकार हवा होता.

"जमीन कसणाऱ्याची असावी," तो म्हणाला.

"व्हय, अय्या," सगळे म्हणाले.

त्याला हुरूप आला. त्याने साम्यवादातले पंथही उलगडून दाखवले. एक म्हणतो, कायदे करत, मते मिळवत सावकाश बदल घडवा. दुसरा म्हणतो, सावकाश काही होत नसते; गिरणीतल्या कामगाराने पुढे होऊन सत्ता घ्यावी. तिसरा म्हणतो, आपल्याकडे गिरण्या आहेत किती? इथे शेतकऱ्यानेच उठायला हवे. दर पंथाला माना डोलल्या. शेवटी त्याने वाडीत ज्याच्या शब्दाला वजन होते त्या मडिवाळप्पाला गाठले.

"ह्यातला कुठला पंथ पटला तुम्हाला?"

"तिन्हीबी पटले, अय्या."

"अहो, ते एकमेकांच्या उलट हायती!"

"तुम्ही सांगायलाव म्हनल्यावर तिन्ही बरोबरच असतील की."

"आन् मीच चुकत असलो तर?"

"व्हय, अय्या."

शिवय्याला हसू आले, पण ते टिकले नाही. अय्याला होला हो करणारी ही माणसे उद्या शिपायालाही होच म्हणणार होती. त्याने लोड बाजूला सारला, कट्ट्यावरून उतरला आणि परात-तांब्या घेऊन सरळ चन्नव्वापुढे मातीत बसला.

"चन्नव्वा, पाय पुढं करा. आता मी धुतो."

चन्नव्वा मागे सरकली.

"करा पुढं. अय्याचा शब्द हाय."

"न्हाई!" चन्नव्वाने पाय लुगड्याखाली ओढून घेतले. "कामून असं वंगाळ बोलायलाव? जीव गेला तरी न्हाई! तांब्या ठिवा आधी खाली."

शिवय्याने मुकाट्याने तांब्या खाली ठेवला. आणि मग आपण काय केले ते चन्नव्वाच्या ध्यानात आले. चारचौघांत तिने अय्याचा शब्द मोडला होता. तिचा हात गळ्यातल्या लिंगाकडे गेला. तिने भीतभीत वर पाहिले. आभाळ होते तिथेच होते, आणि अय्या तर लग्नघरातल्यासारखा खुशीत हसत होता. मडिवाळप्पाला आवरेना. तो फिसकन हसला, आणि त्याच्यामागे सगळी वाडी.

हसणे ओसरल्यावर चन्नव्वा हळूच म्हणाली, "अय्या, तुमचा शब्द मोडला की पाप लागतंय म्हनत्यात."

"म्हनत्यात खरं."

"आन् शिपायाचा मोडला तर?"

शिवय्याने परात बाजूला सारली.

"त्याचं तर पापबी न्हाई," म्हातारी म्हणाली. मग पदर खोचत मडिवाळप्पाकडे वळली. "उद्या पेरणीची तिफण आधी कुणाच्या रानात धरायची, ते ठरवा की."