केर्तूच्या दारातला खराटा

मित्रांनो, खराटा म्हटलं की तुम्ही नाक मुरडता. मुरडा खुशाल! पण मी अंगण झाडायचं काम फारसं केलंच नाही. मी जन्मभर एका दाराला टेकून उभा राहिलो आणि खोटं बोललो. तेही एका मोठ्या लेखिकेसाठी.

फिनलंडमध्ये तळ्याकाठच्या एका लहानशा गावात माझा जन्म झाला. बर्फ वितळू लागताच एन्सिओने भूर्जाच्या काड्या तोडल्या, तारेने आवळल्या आणि त्यांत सरळसोट दांडा ठोकला. एन्सिओ मासेमार. त्याने मला नेऊन दिलं शेजारच्या केर्तूला. ती शाळामास्तरांची मुलगी, लहानपणी त्याच्याच बाकावर बसलेली. शहरातली नोकरी सोडून ती वडिलांच्या रिकाम्या घरात कादंबरी लिहायला आली होती.

आमच्या गावात दाराला कुलूप नसतं. घरी कोणी नसलं की बाहेरून खराटा तिरका टेकवायचा, बस्स. तो दिसला की आलेला माणूस पायरीवरूनच परत फिरतो. दार ढकलणं सोडाच, कडीसुद्धा वाजवत नाही. वाजवली, तर तो गावाच्या नजरेतून उतरलाच म्हणून समजा.

केर्तूने यातून युक्ती काढली. सकाळी मला दाराला टेकवायचं, घराला वळसा घालायचा, स्कर्ट खोचायचा आणि मागच्या खिडकीतून आत उडी मारायची. मग टाइपरायटर सुरू! त्याची टकटक अंगणभर ऐकू यायची, धुराड्यातून धूर निघायचा, कॉफीचा वास थेट रस्त्यापर्यंत जायचा. बाई घरात आहेत हे शेंबड्या पोरालाही कळलं असतं. पण खराटा म्हणजे खराटा! पोस्टमन मार्टी मला विचारायचा, "काय रे, बाई आजही गावाला का?" आणि हसत हसत पत्रं माझ्या पायाशी ठेवून जायचा.

तिची पहिली कादंबरी होती जंगलातल्या लाकूडतोड्यांसाठी रांधणाऱ्या बायकांची. ती भलतीच गाजली. मग हेलसिंकीहून सिनेमावाले आले आणि पटकथाही तिनेच लिहावी म्हणून हटून बसले. तिने लिहिली. पायरीवर बसून वाचता वाचता निर्माता कपाळाला हात लावून म्हणाला, "अहो बाई, दहा पानं झाली, तुमची माणसं तोंड उघडेनात!"

"जेवताना उघडतात की," केर्तू म्हणाली.

सिनेमा तसाच निघाला आणि लोक डोळे पुसत बाहेर पडले. पुढे पाच कादंबऱ्या झाल्या, तीन सिनेमे झाले. एका मासिकाने मुखपृष्ठावर तिचा दारातला फोटो छापला. त्यात माझ्या काड्या कापल्या गेल्या आहेत, पण दांडा स्पष्ट दिसतो. मी किती दिवस ताठ मानेने उभा होतो म्हणून सांगू!

पण दिवस काय, सगळ्यांचेच फिरतात. लोकांना दुसरे सिनेमे आवडू लागले. तिचं शेवटचं पुस्तक दोन प्रकाशकांकडून परत आलं. पत्रं आटली. टाइपरायटरही गप्प झाला.

एका वसंतात तिने मला उचलून लाकडांच्या खोपटात ठेवलं. फटीतून मला सगळं दिसत होतं. ती रोज कॉफी करायची, वेलदोड्याचे पाव भाजायची, टेबलावर दोन कप मांडायची आणि खिडकीशी बसायची. कोणी आलं नाही. वीस वर्षांत गावाची तिच्याकडे यायची सवयच मोडली होती. एखादं पत्र आलंच, तर मार्टी ते पायरीवर ठेवून जायचा. एन्सिओने होडीतून हात हलवला, तिनेही हलवला, आणि तो वल्ही मारत पुढे गेला. अरे, बोलव ना त्याला! पण बोलावणं तिच्या स्वभावात नव्हतं आणि न बोलावता येणं त्याच्या.

दहाव्या दिवशी तिने मला बाहेर काढलं आणि दाराला टेकवताना म्हणाली, "तू असलास की बरं. कोणी येत नाही, त्याला कारण तरी असतं."

मला तेव्हा माझीच लाज वाटली, मित्रांनो.

त्याच वर्षी हिवाळ्याच्या तोंडाशी, एका सकाळी घरात काहीतरी धाडकन पडलं. मग तिच्या हाका. "एन्सिओ! एन्सिओ!" पण तो होडी घेऊन तळ्यात दूर गेलेला. वारा यावा आणि मी आडवा पडावा, असं मला इतकं वाटलं, इतकं वाटलं! पण त्या दिवशी पानसुद्धा हललं नाही.

दुपारी एन्सिओ मासे घेऊन आला, तोवर तिचा आवाज बसला होता. मला बघून तो म्हणाला, "बरं, नाहीस तर नाहीस." मासे त्याने माझ्या दांड्याला अडकवले आणि गेला. आणि मी उभाच!

दुसऱ्या दिवशी तो पुन्हा आला. मासे तसेच लटकलेले, त्यांच्यावर बर्फ. धुराड्यात धूर नाही. त्याने टोपी काढली. हात पुढे केला, मागे घेतला. मग मला म्हणाला, "माफ कर गड्या," आणि मला बाजूला ठेवून त्याने दार उघडलं.

"खराटा दिसला नाही का तुला?" आत जमिनीवरून तिचा घोगरा आवाज आला.

"दिसला."

"मग?"

"वीस वर्षं बघतोय, केर्तू. आज नाही ऐकलं त्याचं."

यावर ती हसली की रडली, मला बाहेरून कळलं नाही.

तिच्या कमरेचं हाड मोडलं होतं. थंड जमिनीवर एक अख्खा दिवस आणि रात्र गेली होती. ती पुन्हा चालली नाही. आता ती शहरातल्या वृद्धाश्रमात असते. एन्सिओ दर गुरुवारी बसने तिच्याकडे जातो, असं मार्टी सांगत होता. तिच्या खोलीचं दार दिवसभर उघडंच असतं, तरी म्हणे एन्सिओ आधी ते वाजवतो आणि "ये" ऐकल्यावरच आत जातो. आदल्या दिवशीच वाजवलं असतं तर, हे त्याच्या मनातून जात नाही. माझ्याही.

जाताना तिने एन्सिओला सांगून मला दाराला टेकवून घेतलं. आता घरात खरंच कोणी नाही. मी पहिल्यांदाच खरं बोलतो आहे आणि ऐकायला कोणी येत नाही.

म्हणून सांगतो, मित्रांनो, दाराशी माझ्यासारखा कोणी उभा दिसला, तर त्याचं फार ऐकू नका. कडी वाजवा. आत कोणी नसलंच, तर एक फेरी फुकट जाईल, एवढंच.