भुकेचं पान

मित्रांनो, मी एक जुनी वही आहे. माझ्या पाठीवर मशीनच्या तेलाचा डाग आहे आणि पोटात एक पान असं आहे, की ते उघडलं की मला तोंड लपवावंसं वाटतं. पण वहीला तोंड लपवता येत नाही. कोणीही उघडावं आणि कोणीही वाचावं, असाच आमचा जन्म.

शर्ट शिवण्याच्या एका कारखान्यात मी आले ती मापं लिहिण्यासाठी. कटिंग मास्तरांनी मला आणलं. छाती, खांदा, बाही एवढंच माझ्या नशिबी होतं. पण मास्तरांना एक भलताच नाद होता. कारखान्यातल्या बायका आपापसांत काही वेगळं बोलल्या, की ते कानावरची पेन्सिल काढत आणि मला मागून उघडत. पुढून मापं, मागून शब्द.

त्या बायकांची बोली म्हणजे अजब प्रकरण होतं. मालकांना समजू नये म्हणून त्या खऱ्या शब्दाच्या जागी त्याच्याशी यमक जुळणारा दुसराच शब्द ठेवत. चहाला म्हणत 'दहा'. त्यामुळे दुपारी चार वाजता कोणीतरी हमखास विचारी, "काय ग, दहा वाजले की नाही?" कात्री म्हणजे 'खात्री'. "माझी खात्री कोणी पळवली?" अशी ओरड रोजची. मशीनवर डुलकी लागली, तर झोपेचा 'टोप' व्हायचा. आणि मालक म्हणजे 'बालक'! "बालक उठलं" असं कोणी म्हटलं, की सगळ्या माना खाली जात आणि मशिनं धडधडू लागत.

मास्तर शब्द लिहीत, पुढे अर्थ लिहीत आणि त्याच्याही पुढे तो कोणी, कधी, कशावरून काढला ते लिहीत. यमकाच्या शब्दांवर त्यांचं भागत नसे. 'पुडी सोडणे', 'दांडी मारणे' हेही त्यांनी टिपलं. गैरहजर माणसाचा आणि दांडीचा काय संबंध, हे त्यांनी साऱ्या कारखान्याला विचारलं.

"एकदा मारून बघा मास्तर, मग कळेल," काज-बटणवाली म्हणाली. ती जागा अजून कोरी आहे.

जेवणाच्या सुट्टीत बायका माझी पानं वाचून घेत आणि हसून हसून लोळत. मी अशी फुगले, की भिंतीवरच्या कॅलेंडरशीही बोलेना. गर्वाचं घर खाली असतं, हे मला तेव्हा ठाऊक नव्हतं.

आता त्या पानाचं सांगते. कॉलर जोडणाऱ्या काकू सगळ्यांत जुन्या. त्यांची नजर अधू होत चालली होती. चष्मा बदलूनही टाका वाकडा जाई. संध्याकाळी मालक स्वतः शर्ट तपासत. म्हणून वाकडी कॉलर हाती आली, की काज-बटणवाली मोठ्यानं म्हणे, "भूक लागली ग!" भूक म्हणजे चूक. मग जिचा हात रिकामा असेल ती शर्ट मांडीवर घेई, टाके उसवी आणि कॉलर नीट बसवून पुढे सरकवी. काकूंचं आणि त्यांच्या आजारी बहिणीचं घर त्या एका मशीनवर चालत होतं, हे सगळ्यांना माहीत होतं.

मास्तरांनी माझ्यात लिहिलं: 'भूक म्हणजे चूक. काकूंना दिसेनासं झालं, तेव्हा त्यांच्या वाकड्या कॉलरी लपवण्यासाठी बायकांनी काढलेला शब्द.' हे पान मात्र त्यांनी कोणाला वाचून दाखवलं नाही. हे लिहायला नको होतं, हे बहुधा आतून त्यांनाही कळत होतं.

आणि एके दिवशी 'दहा वाजले' तेव्हा ते मला कटिंगच्या टेबलावर विसरून गेले. मालक कसलंसं माप बघायला आले आणि त्यांनी मला मागून उघडलं. आधी ते हसले. "बालक? मी?" म्हणत त्यांनी पोट धरलं. ते पुढचं पान उलटू लागले, तेव्हा मी चिकटून राहायची खूप धडपड केली. पण मास्तरांनी मला नेहमी जपून, कोरडं ठेवलं होतं. पान सहज उलटलं. मालक हसायचे थांबले.

दुसऱ्या दिवशी "भूक लागली ग!" कानावर आलं, तसे मालक उठून थेट काज-बटणवालीपाशी गेले. तिच्या हातातला शर्ट घेऊन त्यांनी कॉलर बघितली आणि ते काकूंकडे वळले.

"काकू," ते अगदी हळू म्हणाले, "उद्यापासून येऊ नका. डोळ्यांना आराम द्या."

काकूंनी चष्मा पुसला, कात्री पिशवीत टाकली आणि त्या गेल्या. मालक ओरडले असते, तर बायका निदान भांडल्या तरी असत्या.

मला कोणी फाडलं नाही. मास्तरांनाही कोणी बोललं नाही. फक्त ते जवळ आले, की बायका गप्प होत. त्यांच्यासमोर त्या चहाला चहा म्हणू लागल्या.

सुट्टीच्या दिवशी मास्तर मला पिशवीत घालून काकूंच्या घरी गेले.

"काकू, घात माझ्या हातून झाला. सगळं ह्या वहीत लिहून ठेवलं होतं मी."

"काय लिहिलं होतंस? वाच बघू. मला कुठं दिसतंय!"

मास्तरांनी ते पान वाचलं. शरमेनं माझी पानं जड झाली होती. काकूंनी ऐकून घेतलं आणि त्या चक्क हसल्या.

"अरे, हे तर चुकीचं लिहिलंयस. तो शब्द माझ्यासाठी नव्हता काढला. मीच काढला होता, तुझ्यासाठी."

"माझ्यासाठी?"

"वीस वर्षांपूर्वी तू नवीन होतास. पहिल्याच आठवड्यात अख्ख्या थप्पीच्या दोन्ही बाह्या डाव्याच कापल्यास. मी ओरडले, भूक लागली ग! तू जेवायला गेलास आणि आम्ही उरलेल्या कापडातून उजव्या बाह्या कापून ठेवल्या. तुला कळू दिलं नाही. कळलं असतं तर कात्री धरताना तुझा हात थरथरला असता."

सवयीनं मास्तरांचा हात कानाकडे गेला. पेन्सिल माझ्या पानाला टेकली. काकूंना कागदाचा आवाज ऐकू आला असावा.

"लिहितोयस का रे?"

"नाही, काकू," ते म्हणाले आणि पेन्सिल त्यांनी परत कानावर ठेवली.

त्यामुळे माझ्यात अजून ती खोटी हकीकत तशीच आहे. मला पुन्हा कोणी उघडलं नाही. हल्ली मी कटिंगच्या टेबलाच्या आखूड पायाखाली असते. माझी तक्रार नाही.

मित्रांनो, तुम्ही शब्द जरूर जमवा. त्यांचं कूळ-मूळ शोधा, त्यात फार गंमत आहे. पण कोणाच्या तोंडचा शब्द कागदावर उतरवण्याआधी त्याला एकदा विचारा, "लिहू का?" काकूंनी मास्तरांची चूक वीस वर्षं पोटात ठेवली. मला काकूंची चूक एक महिनासुद्धा पोटात ठेवता आली नाही.