मधला माइक

माझ्या नाकावर राग असतो, हे सगळ्या घराला ठाऊक आहे. त्या दिवशी मात्र भडकली होती आमची धाकटी, घरातलं शेंडेफळ. आम्ही तिघी बहिणी मिळून गातो आणि मधला माइक कायम माझा. थोरली ना मी! मोठा उजेडही तिथेच पडतो.

"ताई, उद्याच्या कार्यक्रमात परत मला कडेला उभं केलंस तर मी येणारच नाही," तिने तोंडावर सांगितलं. तिच्या खालच्या सुराशिवाय आमच्या गाण्यात रामच नाही.

धाकटी कॉलेजात ग्रुप थिअरी नावाचं गणित शिकते. तिने टेबलावर कप, मिठाची बरणी आणि लिंबू ओळीत मांडलं.

"बरणी म्हणजे मी का?" मी विचारलं.

"जाड तूच आहेस," मधली म्हणाली.

"तिघींनी उभं राहायच्या तऱ्हा सहाच," धाकटी म्हणाली. "गाण्याची कडवीही सहा. एका कडव्यानंतर डावीकडच्या दोघींनी जागा बदलायची, पुढच्यानंतर उजवीकडच्या दोघींनी. असंच आलटूनपालटून."

तिने वस्तू सरकवल्या. एकही तऱ्हा परत आली नाही, प्रत्येक वस्तू दोनदा मधे आली आणि शेवटी सगळं जागच्या जागी. माझा विश्वास बसेना. मी वस्तू उचलून तीन चमचे ठेवले. तरी तेच.

"चमचे ठेव नाहीतर बहिणी ठेव. आम्ही नुसत्या अदलाबदलीचा अभ्यास करतो. अदलाबदलीला थोरली-धाकटी कळत नाही."

हे मला झोंबलं, पण मी हो म्हटलं.

कार्यक्रमात पहिल्या कडव्यानंतर उजेडातून बाजूला होताना जिवावर आलं. तिसऱ्याला धाकटी मधे आली. काय गायली पोरगी! इतकी वर्षं मधे उभं राहून मला फक्त माझाच आवाज ऐकू येत होता. माझा ऊर भरून आला.

गाणं संपलं, शेवटची अदलाबदल झाली, आणि टाळ्या थांबेचनात. लोक पुन्हा गा म्हणू लागले. एरवी अशा वेळी आमची ढकलाढकली व्हायची. आज तिघी आपापल्या पहिल्या जागी तयार उभ्या होत्या.

मी धाकटीच्या कानात म्हटलं, "या वेळी आधी उजवीकडच्या बदलू. उलट्या वाटेनेही सहा तऱ्हा होऊन इथेच पोचू, हो ना?"

ती बघतच राहिली. "तुला कोणी सांगितलं?"

"मिठाच्या बरणीने."

पहिलं कडवं संपलं. मी उजवीकडे सरकले, आणि सगळा उजेड धाकटीवर पडला.