कावडीचा खांदा

दिवाळी सरली की बायनाबाईच्या अंगणात खांदे येतात, असं गावात म्हणतात. माणसं नव्हे, खांदे. धान कापून झालं की भारे कावडीवर लादायचे आणि शेताच्या बांधावरून, धुऱ्यावरून तोल सांभाळत खळ्यावर वाहायचे. मग खांदा भरून येणार नाही तर काय होणार? बायनाबाई तेल लावायची, अंगठ्याने रगडायची, दोन शिव्या हासडायची आणि वाटेला लावायची. तिची सासू हाडं बसवायची, सासूची सासूही. आरमोरीपलीकडच्या दहा गावांत तिचा शब्द चालायचा, आणि बाईला त्याचा तोराही होता. का नसावा?

गुलाब मात्र दुसऱ्याच दिवशी परत आला, आणि तिथंच तिचं डोकं फिरलं. तिच्या हातचा खांदा परत येत नसतो. काल धुऱ्यावर पाय घसरून तो कावडीसकट आदळला होता. डावा खांदा दुखतो म्हणत एकटाच आला, रांगेत बसला, तेल लावून घरी गेला. आज बायको उर्वशी त्याला धरून आणत होती. चेहरा राखेसारखा, कपाळावर गार घाम, आणि सारखं पाणी मागणं. आडवं झालं की कळ वाढते म्हणून भिंतीला टेकून बसून राहतो, असं उर्वशीनं सांगितलं. खांदा उतरला असेल, ओढून बसवून द्या, म्हणाली.

बायनाबाईने त्याचा सदरा काढायला लावला आणि दोन्ही खांदे नजरेने जोखले. उतरलेल्या खांद्याची गोलाई जाते, बाजूला खड्डा पडतो. इथं दोन्ही गोल, सारखे. गळ्याखालचं हाड, हासळी, बोटाने या टोकापासून त्या टोकापर्यंत चाचपली. कुठं उंचवटा नाही, करकर नाही. पाठीवरचा खवाटा दाबून पाहिला. मग त्याचा हात समोरून वर नेला. गेला. बाजूने वर नेला. गेला. पाठीमागे कमरेला लाव म्हणाली, त्याने लावला. मनगट अडवून धरलं आणि जोर कर म्हणाली, तर त्याने जोरही केला. आता जास्त दुखतं का, असं दर वेळी विचारलं. तेवढंच, म्हणायचा. दर वेळी तेवढंच.

आता दुखऱ्या खांद्याचं एक असतं. मुका मार असो, शीर ताणलेली असो, कुठल्या ना कुठल्या वळणावर तो बोंबलतोच. हा कुठंच बोंबलत नव्हता, आणि माणूस तर दात-ओठ खात होता. चाळीस वर्षांत असा खांदा तिच्या हाताखालून गेला नव्हता.

पडताना कावडीची दांडी कुठं लागली, असं तिने विचारलं. डाव्या बरगडीखाली, पण तिथं काही एवढं दुखत नाही, गुलाब म्हणाला. लहानपणी हिवतापाने त्याची पाणथरी, डाव्या बरगडीखालची प्लीहा, वाढली होती, हे सगळ्या गावाला ठाऊक. बायनाबाईने त्याला आडवं केलं आणि बरगडीखाली तळवा ठेवला. पोट लाकडासारखं कडक. जरासं दाबलं, तर तो किंचाळला. हात मात्र पोटाकडे गेलाच नाही, थेट डाव्या खांद्यावर गेला.

"इथी माह्यं काम नाई," ती उठत म्हणाली. "गाडी आना."

अंगणातले लोक एकमेकांकडे पाहू लागले. बायनाबाईला खांदा बसवता येईना? येईना तर येईना! बारा वर्षांपूर्वी एका डॉक्टरने तिला चारचौघांत झापलं होतं, तेव्हापासून तिने दवाखान्याची पायरी चढली नव्हती. आज ती गुलाबशेजारी काळी-पिवळीत बसली. वैनगंगेच्या पुलावर त्याचे हात बर्फ झाले. नाडी तिच्या बोटाखाली बारीक होऊन नुसती पळत होती, आणि उर्वशी त्याला हाका मारत होती.

ब्रह्मपुरीच्या दवाखान्यात दारावरच्या माणसाने तेलकट खांदा पाहिला, बाईला पाहिलं आणि एक्सरेच्या रांगेकडे बोट दाखवलं. बायनाबाई त्याला ओलांडून सरळ डॉक्टरच्या खोलीत शिरली.

"साहेब, खांदा चांगला हाय. मी सारा फिरवून पाह्यला. डाव्या बरगडीखाली पोट दाबून पाहा."

डॉक्टर वैतागूनच उठला. पोटाला हात लागला मात्र, त्याचा वैताग कुठल्या कुठं गेला. सोनोग्राफी, रक्ताच्या पिशव्या, धावपळ. गुलाबला आत नेलं आणि दार बंद झालं.

तीन तासांनी डॉक्टर बाहेर आला. पाणथरी फुटली होती, पोट रक्ताने भरलं होतं. काढून टाकली, आता जगेल, म्हणाला. पोटातल्या रक्ताची कळ कधी कधी खांद्यावर निघते, असंही त्याने समजावलं. खांदाच ओढत बसल्या असत्या तर माणूस गेला असता, बाई, असं म्हणून त्याने तिला हात जोडले.

उर्वशी रडत रडत बायनाबाईच्या पायावर वाकली. बायनाबाईने पाय मागे घेतले. गप्प बसली असती तर कुणाला काय कळणार होतं? पण जीभ ऐकेना.

"काल तुह्या नवऱ्याचा हात मी वर करूनबी पाह्यला नाई, पोरी. गर्दी होती. कावडीचा खांदा म्हनलं, तेल लावलं अन् हाकललं."

उर्वशी वाकलेलीच राहिली. मग हळू आवाजात तिने विचारलं, "काल पाह्यलं असतं तर?"

"तर काल आनलं असतं."

उर्वशीनं पदराने डोळे पुसले, उठली आणि समोरच्या बाकड्यावर जाऊन बसली.