चोपदाराने खाल्लेलं उत्तर

लायडन या विद्यापीठाच्या गावात फेमके विआर्डाला कुणीही जेवायला बोलावलं, की कॉफीपर्यंत तो किस्सा निघायचाच. "माझं उत्तर चोपदाराने खाल्लं!" असं म्हणून ती टाळी मागायची.

"मग आता सांग की," एखादा डिवचायचा.

"आता वेळ झाली," ती म्हणायची, आणि सगळे हसायचे.

किस्सा तिच्या पीएचडीच्या जाहीर परीक्षेचा. तिथे पाऊण तास प्रश्नांची सरबत्ती चालते, मग विद्यापीठाचा चोपदार काठी आपटत येतो, लॅटिनमध्ये "वेळ झाली" म्हणतो, की परीक्षा संपली. तिचा विषय सतराव्या शतकातला बुद्धिवाद: दुःखाचं कारण नीट समजलं, की दुःखाचा जोर ओसरतो. प्रबंध वडिलांना अर्पण केलेला. ते त्याच वसंतात होडीसकट बुडाले होते. परीक्षकांपैकी म्हातारे ओकिंगा सर शेवटी म्हणाले, "वादळ होतं, होडी जुनी होती. कारण समजलं ना, पोरी? मग ओसरलं का?" तिने तोंड उघडलं, आणि काठी वाजली.

त्या एका उत्तरापायी तिने पुढे तीन जाडजूड पुस्तकं लिहिली. दरम्यान ओकिंगा सर गेले. त्यांचा वाकडा चष्मा, प्राध्यापकी झग्याला येणारा सिगारचा वास आठवला, की अजूनही तिला भरून यायचं.

आज निवृत्तीआधी परीक्षक म्हणून तिची शेवटची खेप. समोर मेंडर्ट नावाचा तरुण, विषय तोच, आणि प्रबंध वारलेल्या बहिणीला अर्पण केलेला. तिला राहवेना. उत्तर तिला हवंच होतं, कुणाच्या का तोंडून असेना.

"कारण समजलं ना तुम्हाला? मग ओसरलं का?"

मेंडर्ट पांढराफटक पडला. तेवढ्यात दार उघडलं, काठी वाजली. "वेळ झाली!"

सुटला बिचारा, असं फेमकेच्या मनात आलं. पण तो अध्यक्षस्थानी बसलेल्या कुलगुरूंकडे वळला. "वाक्य पुरं करू?"

"करा की. नियमात तेवढी मुभा आहेच."

"नाही ओसरलं, बाई. पण आता घरात तिचा विषय निघाला, की मी उठून जात नाही."

चोपदार काठी धरून निवांत थांबला होता. आणि फेमकेला लख्ख आठवलं: तिचाही चोपदार असाच थांबला होता. ओकिंगा सर चष्म्यावरून बघत म्हणाले होते, "घाई नाही." तिनेच नकारार्थी मान हलवली होती. वेळ मारून नेली तिने, आणि जन्मभर बिल फाडलं त्या गरीब चोपदाराच्या नावावर.

समारंभ आटोपल्यावर ती एकटीच वरच्या छोट्या खोलीत गेली. परीक्षेआधी उमेदवार तिथे घाम पुसत बसतात, आणि पास झाले की भिंतीवर सही करतात. तिची सही फिकटली होती. जरा वर ओकिंगा सरांची होती.

"नाही ओसरलं, सर," ती भिंतीला म्हणाली. "वारा सुटला की अजून बाबांची वाट बघते." मग मात्र तिला रडू आवरेना.

चोपदार दारात डोकावला. "बाई, खाली बाटल्या उघडल्या. सगळे खोळंबलेत."

"थांबा जरा," ती झग्याच्या बाहीने डोळे पुसत म्हणाली. "वाक्य पुरं करतेय."

"करा की," तो म्हणाला, आणि काठी टेकून बाहेर उभा राहिला.