देवाप्पांच्या नावाची खुर्ची

मी एक जुनी, घडीची लोखंडी खुर्ची आहे, मित्रांनो. प्लास्टिकच्या खुर्च्यांपेक्षा मी जड आहे आणि त्याची मला लाज वाटत नाही. माझ्या पाठीवर लाल अक्षरांत लिहिले आहे : देवाप्पा, निपाणी.

देवाप्पा तंबाखूच्या वखारीत हमाली करायचे. एका लग्नात ते मांडवात खुर्चीवर बसले, तेव्हा यजमानाने त्यांना चारचौघांत उठवले. कारण एकच, त्यांची जात. ते न जेवता घरी आले. पुढे त्यांनी वेल्डिंगवाल्याकडून आम्हा खुर्च्यांना बनवून घेतले आणि मांडवाचे सामान भाड्याने देण्याचा धंदा सुरू केला. रंगाऱ्याने विचारले, "नाव बारीक काढू?"

"लई मोठं काढ," देवाप्पा म्हणाले. "लांबनं दिसाय पायजे."

सुरुवातीला काही घरे आम्हाला टाळत. पण लग्नसराईत खुर्च्या कमी पडल्या की बोलावणे यायचेच. बारशी, शाळेची गॅदरिंग, बुद्धजयंती, निवडणुकीच्या सभा, सगळीकडे आम्ही गेलो. "देवाप्पांची खुर्ची मोडत न्हाय," असे लोक म्हणत.

देवाप्पा गेले. धंदा त्यांची मुलगी उपासना सांभाळू लागली. तोवर दिवस पालटले होते. मंगल कार्यालयवाले स्वतःच्याच खुर्च्या ठेवतात, बाहेरचे सामान आत घेत नाहीत. इव्हेंटवाले फुलांपासून सोफ्यापर्यंत सगळे एकदमच देतात. आम्ही पत्र्याच्या शेडमध्ये गंजत पडलो. उपासनाचा धाकटा भाऊ प्रशिक बेळगावात इंजिनिअर आहे. तो म्हणाला, "आक्का, भंगारात घाल सगळं. एकटी किती वडशील?"

तेवढ्यात मोठे काम आले. युवराज नावाच्या बागायतदाराच्या मुलीचे लग्न शेतात मांडव घालून होणार होते. त्यांना आम्ही सगळ्याच हव्या होतो. एवढे काम झाले असते, तर धंदा तगला असता. उपासना आणि मदतीला आलेला प्रशिक टेम्पो भरत असताना युवराज स्वतः आले.

"पाठीवरच्या नावावर तेवढा रंग मारा," ते म्हणाले. "पाव्हण्यांत उगंच चर्चा नको."

"कसली चर्चा?" उपासनाने विचारले.

"तुला म्हाईत हाय की गं."

उपासनाने भरत आलेल्या टेम्पोकडे पाहिले. मग म्हणाली, "आप्पांचं नाव निघणार न्हाय. न्यायच्या असतील तर नावासकट न्या."

"मग ऱ्हाऊ दे," म्हणत ते निघून गेले.

तिने मला टेम्पोतून खाली उतरवले. दुसरी खुर्ची प्रशिकने उतरवली.

ते लग्न दुसऱ्याच्या खुर्च्यांवर झाले. आमचा तो हंगाम कोरडा गेला. पण प्रशिक दर रविवारी निपाणीला येऊ लागला. त्याने आमचा गंज घासून काढला, नावाला धक्का न लावता नवा रंग दिला. उपासना गल्लोगल्ली फिरली. ज्यांना कार्यालय परवडत नाही, ज्यांना आपल्याच दारात मांडव हवा असतो, अशी घरे कमी नाहीत. कामे लहान असतात, पण येतात.

मित्रांनो, मला फरफटत नेऊ नका, उचलून ठेवा. पावसात सोडू नका. आणि जुन्या वस्तूंची कीव करू नका, त्यांना काम द्या. मी वयाने गंजले नव्हते, पडून राहिल्याने गंजले होते.

आज बोरगावात बारसे आहे. टेम्पो दारात लागला आहे. सरका बाजूला, मला जायचे आहे.