भेगेवरचं हिरवं

हौसामावशींच्या बोटांना हिवाळाभर ओव्यासारखा उग्र, उबदार दरवळ असे. त्यांनी ताटात भाकरी वाढली की वाटे, हिंजवडीची सगळी थंडी आधी त्या हातांवर शेकत बसते आणि मगच आम्हा भाडेकरूंच्या वाट्याला येते.

घरामागे त्यांची दहा पावलं जमीन उरली होती. बाकीच्या शेतावर काचेच्या इमारती उभ्या राहिल्या होत्या, आणि त्या दहा पावलांपुढे थेट खड्डा: नव्या कंपनीच्या तळघरासाठी खणलेला, इतका अगाध की आत टाकलेली हाक जेवूनखाऊन, वामकुक्षी उरकून परत येई. मंदीत काम थांबलं, यंत्रं गेली. खड्डा तेवढा जागा राहिला. काठाच्या मातीत एक भेग पडली होती. मावशी रोज सकाळी तिच्यात बोटं घालून रुंदी पाहत. आधी एक बोट. मग दोन.

मुळांनी माती धरून ठेवावी म्हणून परदेशवारीहून मीच थाईमचं, ओव्याच्या वासाच्या तिकडच्या झुडपाचं, बी आणलं, जमिनीवर सतरंजीसारखं पसरणाऱ्या जातीचं. बी असं सूक्ष्म, की मला एक शिंक आली असती तर मुळशीच्या डोंगरांवर गालिचे उगवले असते!

"मावशी, यावर माती घालायची नाही हं. याला उजेड लागतो."

"सायेब, लेकराला उघडं निजवत्यात व्हय कुनी?" असं म्हणून त्यांनी भेगेकाठी पेरलेल्या बियांवर बोटभर माती लोटली, वर मायेने थोपटलंही.

महिनाभर काही उगवलं नाही. भेग तीन बोटं झाली. तेव्हा कुठे उरलेलं बी त्यांनी ओल्या मातीवर नुसतं भुरभुरलं, तळव्याने दाबलं, आणि पाखरं हाकत राखणीला बसल्या. पंधरवड्याने हिरवा धूर तरंगावा तसे अंकुर दिसले.

दुसऱ्या हिवाळ्यापर्यंत पट्टा जांभळ्या फुलांनी गच्च भरला. भेग दिसेना.

"आता कुठं हाय भेग? दावा की!" मावशी मला चिडवत. बोटं घालून पाहणं त्यांनी सोडलं. ती मुळं वीतभरही खोल जात नाहीत, हे एव्हाना मला कळलं होतं. त्या हसण्यासमोर एरवी सुसाट धावणारी माझी जीभ हलली नाही.

एका सकाळी झारी घेऊन त्या मागे गेल्या. आवाज फारसा झाला नाही. मी धावलो तेव्हा काठ खचला होता, मावशी कुठेच नव्हत्या; हिरव्या पट्ट्याचं एक टोक पोकळीवर लोंबत होतं, आणि त्यावरच्या फुलांवर मधमाश्या आपल्या उद्योगात निमग्न होत्या.

माणूस गेलेल्या जागेवर काळ असंच कोवळं पांघरूण घालतो. आणि आपण, जमीन भरून आली असं समजून, त्यावर निःशंक पाऊल टाकतो.